अति घाई संकटात नेई



अलीकडे एक क्रम आपल्याला अगदी पाठ झाला आहे. पहाटेच्या सुमारास कुठल्यातरी रस्त्यावर खासगी बसला अपघात होतो. दुपारपर्यंत टीव्हीवर बसचा जळका सांगाडा दिसायला लागतो. संध्याकाळी कुणी पुढारी इस्पितळाच्या दारात उभे राहून "दोषींची गय केली जाणार नाही" असं सांगतात. दुसऱ्या दिवशी पेपरात मथळा असतो, परवाना रद्द करा! ८ ऑक्टोबर २०२२ ला पहाटे नाशिकमध्ये ट्रकला धडकून बस पेटली, १२ जण गेले. १ जुलै २०२३ ला समृद्धी महामार्गावर सिंदखेड राजाजवळ बस उलटून पेटली, २५ जण झोपेतच गेले म्हणायचे. अशा बातम्या वाचल्यावर कुणाचंही रक्त तापेल. माझंही तापतं.

तरीपण "परवाना रद्द करा" ही मागणी ऐकली की मला पुढचा प्रश्न पडतो. रद्द करा म्हणजे कसा? कुणी? आणि रद्द झाल्यावर तो रद्दच राहील याची खात्री काय? कारण परवाना रद्द केल्याची बातमी पहिल्या पानावर येते, पण त्या आदेशाला पुढे स्थगिती मिळाली तर ती बातमी आतल्या पानावर कोपऱ्यात येते, किंवा येतच नाही. दरम्यान तीच बस दुसऱ्या रंगात, दुसऱ्या नावाने रात्री नऊ वाजता त्याच नाक्यावर उभी असते. आज जरा या विषयावर लिहावं म्हणतो. विषय रुक्ष वाटेल, पण तुमच्याआमच्या घरातली मुलं-नातवंडं याच बसने पुण्या-मुंबईला जातात, तेव्हा नेटाने वाचा.

आधी परवाना म्हणजे काय ते थोडक्यात सांगतो (शिक्षकी सवय, दुसरं काय!). गाडीची नोंदणी वेगळी, पासिंग म्हणजे गाडी धडधाकट असल्याचा दाखला वेगळा, आणि परमिट म्हणजे भाडं घेऊन माणसं न्यायची परवानगी वेगळी. परमिटचे पुन्हा प्रकार आहेत. एसटी किंवा गोव्यातल्या खासगी बसगाड्या ठरलेल्या मार्गावर थांबे घेत जातात, वाटेत कुणी चढतो, कुणी उतरतो, प्रत्येकाचं तिकीट वेगळं. ही टप्पा वाहतूक. दुसरी कंत्राटी वाहतूक. लग्नाचं वऱ्हाड, सहल, यात्रा अशासाठी अख्खी गाडी ठरवायची, आणि वाटेत नवा प्रवासी घ्यायचा नाही. आपल्याकडे ज्यांना आपण "ट्रॅव्हल्स" म्हणतो त्या गाड्यांकडे बहुतेक करून हा दुसऱ्या प्रकारचा परवाना असतो. मग त्या नाक्यानाक्यावर "पुणे पुणे पुणे" असं ओरडत सीटप्रमाणे पैसे घेऊन माणसं कशा भरतात? तर नियम मोडून. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ सालीच गुजरातमधल्या एका प्रकरणात स्पष्ट केलं आहे की कंत्राटी परवान्यावर टप्पा वाहतूक करता येत नाही. आपण प्रवासी मात्र तिकीट काढताना सीट खिडकीजवळची आहे का आणि एसी चालू आहे का एवढंच विचारतो.

आता रद्द करण्याचा कायदा. १९८८ च्या मोटार वाहन कायद्यात ८६ वं कलम आहे. परवान्यातली अट मोडली, परवान्यात नाही अशा कामाला गाडी वापरली, गाडीची मालकीच गेली, खोटी माहिती देऊन परवाना मिळवला, किंवा मालवाहू गाडीचा परवाना घेऊन सबळ कारणाशिवाय ती चालवलीच नाही, तर परवाना रद्द किंवा काही काळापुरता निलंबित करता येतो. परदेशी नागरिकत्व घेतलं तरीही. पण त्याच कलमात एक अट आहे. परवानाधारकाला आपलं म्हणणं मांडायची संधी दिल्याशिवाय परवाना रद्दही करायचा नाही आणि निलंबितही करायचा नाही. कारवाई केली तर तिची कारणं लेखी द्यायची. त्याविरुद्ध अपील करायला राज्य परिवहन अपील न्यायाधिकरण आहे, तिथे न्यायखात्यातला अनुभवी माणूस बसतो. त्यापुढे उच्च न्यायालयाचं दार आहेच.

खरी गोम इथे आहे. माझा एक भाचा वकिली करतो. त्याला मी एकदा विचारलं, "अरे, एवढे अपघात करून हे लोक सुटतात कसे?" तो हसून म्हणाला, "मामा, घाईचा आदेश म्हणजे आम्हा वकिलांची दिवाळी." मग त्याने समजावून सांगितलं. वरून फोन येतो, आजच्या आज रद्द करा. मग नोटीस काढायला वेळ नसतो, किंवा काढली तर उत्तराला एक दिवस देतात. आदेशात "अटींचा भंग केल्याचे दिसून आले" एवढी एकच ओळ असते. कुठली अट, कुठल्या तारखेला, कुठे, पुरावा काय, मालकाने काय सांगितलं आणि ते का पटलं नाही, यातलं काही नसतं. अशा आदेशाविरुद्ध मालकाच्या वकिलाला फारसं काही सिद्ध करावं लागत नाही. आमचं ऐकूनच घेतलं नाही, एवढं म्हटलं की स्थगिती. खटला चालेल तेव्हा चालेल, तोपर्यंत गाडी रस्त्यावर. म्हणजे मालक निर्दोष होता म्हणून सुटला नाही, आदेश कच्चा होता म्हणून सुटला.

घाटातल्या वळणावर आपण पाटी वाचतो ना, "अति घाई संकटात नेई", ती ड्रायव्हरइतकीच आदेशावर सही करणाऱ्यालाही लागू आहे.

यावर कुणी म्हणेल, मग काय माणसं मरत असताना नोटिसा आणि सुनावण्या करत बसायचं? मुळीच नाही. तातडीचे उपाय कायद्यात वेगळे आहेत. परवान्याशिवाय किंवा परवान्यातला मार्ग, हद्द, हेतू यांविरुद्ध चालणारी गाडी जागेवर अडकवून ठेवायचा अधिकार २०७ व्या कलमात आहे. गाडी धडधाकट नसेल तर पासिंग रद्द करता येतं. ड्रायव्हरचं लायसन्स काढून घेता येतं. आग विझवायला बंब वेगळा आणि आग लागली कशी याची चौकशी वेगळी. परवाना रद्द करणं ही मालकाचा धंदा बंद करणारी शिक्षा आहे. ती द्यायची तर ती टिकली पाहिजे, आणि टिकवायची तर रीतसर दिली पाहिजे.

ही रीत कुणा साहेबाच्या डोक्यातून आलेली नाही, आणि गंमत म्हणजे तिचा मोठा भाग आपल्या देशात बसच्या परवान्यांवरूनच घडला आहे. स्वातंत्र्यानंतर राज्याराज्यांनी बससेवा ताब्यात घ्यायला सुरुवात केली. आपल्याकडे १ जून १९४८ ला पुणे-अहमदनगर (आता अहिल्यानगर) मार्गावर पहिली एसटी धावली. मार्ग सरकारने घ्यायचा म्हणजे त्यावरच्या खासगी सर्व्हिसवाल्यांचे परवाने जायचे, आणि ते गप्प बसणार नव्हते. उत्तर प्रदेशात बुलंदशहर-दिल्ली मार्गावरचे बसवाले सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५४ साली जिंकले. रस्त्यावर भाड्याची गाडी चालवणं हा नागरिकाचा व्यवसायाचा हक्क आहे, सरकारने केलेली मेहेरबानी नव्हे, असं न्यायालय म्हणालं. मग १९५६ साली मोटार कायद्यात नवं प्रकरण घालण्यात आलं. सरकारी महामंडळाने योजना जाहीर करायची, लोकांनी हरकती घ्यायच्या, सरकारने सुनावणी करून निर्णय द्यायचा, आणि मग खासगी परवाने रद्द.

त्याच प्रकरणाखाली आंध्रात कृष्णा जिल्ह्यातले बसमार्ग घ्यायचं ठरलं. हरकती आल्या. त्या ऐकल्या परिवहन खात्याच्या सचिवांनी, आणि निर्णयावर शिक्कामोर्तब केलं मुख्यमंत्र्यांनी. गुल्लापल्ली नागेश्वर राव नावाचे बसवाले सर्वोच्च न्यायालयात गेले. नोव्हेंबर १९५८ मध्ये न्यायमूर्ती सुब्बा राव यांनी निकाल लिहिला. त्याचा मथितार्थ असा, की ज्याने ऐकलं त्यानेच ठरवलं पाहिजे. एकाने ऐकायचं आणि दुसऱ्याने ठरवायचं, तर ऐकण्याला अर्थ काय उरला? आणि दुसरं, ज्या खात्याची ती योजना, त्याच खात्याच्या सचिवाने तिच्यावरच्या हरकती ऐकणं योग्य नाही. योजनेची मंजुरी रद्द झाली. शाळेतलं उदाहरण द्यायचं तर तोंडी परीक्षा एका मास्तरने घ्यायची आणि मार्क दुसऱ्याने, मुलाचं तोंडही न पाहता द्यायचे, तसं हे झालं. आणि पहिला मास्तर पुन्हा मुलाच्या विरुद्ध पक्षाचा!

पुढची हकिकत मला जास्त महत्त्वाची वाटते. सरकारने धडा घेतला. दुसऱ्या वेळी मंत्र्यांनी स्वतः हरकती ऐकल्या, स्वतः निर्णय दिला. बसवाले पुन्हा न्यायालयात गेले, आणि या वेळी हरले. पहा, न्यायालयाने सरकारला बस चालवू नका असं म्हटलंच नव्हतं. नीट करा एवढंच म्हटलं होतं. नीट केल्यावर योजना टिकली. सुनावणीला "पळवाट" म्हणणाऱ्यांनी हे दोन निकाल एकापुढे एक ठेवून वाचावेत.

परवान्याच्या अधिकाराचा राजकारणासाठी कसा वापर होऊ शकतो तेही आंध्रनेच दाखवलं. आता जिल्हा कर्नूल. कुठल्या जिल्ह्यातले मार्ग कुठल्या क्रमाने घ्यायचे हे एका समितीने सुचवलं होतं. तो क्रम बाजूला ठेवून कर्नूलचा नंबर लावण्यात आला. तिथल्या बसवाल्यांचं म्हणणं असं, की आम्ही मुख्यमंत्र्यांच्या राजकीय विरोधकांच्या बाजूचे, म्हणून आमच्या पोटावर पाय. मुख्यमंत्री होते नीलम संजीव रेड्डी. आरोप इतका गंभीर असूनही त्यांनी स्वतःचं प्रतिज्ञापत्र दाखल केलं नाही. न्यायालयाने आरोप खोडला गेला नाही असं धरून योजना रद्द केली. न्यायालयाच्या ताशेऱ्यांनंतर १९६४ साली रेड्डींनी मुख्यमंत्रिपदाचा राजीनामा दिला. पुढे १९७७ साली ते राष्ट्रपती झाले ही गोष्ट वेगळी. पण काही बसगाड्यांच्या परवान्यावरून मुख्यमंत्र्याने खुर्ची सोडावी, हे आजच्या मुलांना सांगितलं तर ती म्हणतील, आजोबा काहीही सांगतात!

कर्नूलची गोष्ट एवढ्यासाठी सांगितली, की आज एखाद्या गुन्हेगार बसवाल्याचा परवाना न ऐकता काढायचा अधिकार आपण टाळ्या वाजवून दिला, तर उद्या तोच अधिकार विरोधी पक्षाला मत देणाऱ्या सरळमार्गी बसवाल्यावर चालेल. हत्यार कुणावर चालवायचं हे हत्याराला कळत नाही.

पण याचा अर्थ मी बसमालकांची वकिली करतोय असा घेऊ नका. परवाना म्हणजे वडिलोपार्जित जमीन नव्हे. तो साधारण पाच वर्षांसाठी मिळतो आणि परवानगीशिवाय दुसऱ्याच्या नावे करता येत नाही. १९८८ च्या कायद्याने नवे परवाने मिळणं सोपं केलं, तेव्हा जुने बसवाले सर्वोच्च न्यायालयात गेले की आमच्या मार्गावर नवे लोक येतील, आमचा धंदा बसेल. १९९१ मध्ये न्यायालयाने त्यांना परत पाठवलं. स्पर्धा वाढली म्हणून तक्रार करायचा तुम्हाला हक्क नाही, असं सांगून. त्याआधी १९८६ मध्ये मध्य प्रदेशातल्या प्रकरणात न्यायालयाने सरकारी महामंडळाचेही कान उपटले होते. महामंडळाने परवाने स्वतःच्या नावावर घ्यायचे आणि गाड्या खासगी माणसांनी चालवायच्या, हा व्यवहार बेकायदा ठरला. म्हणजे परवान्याचा बाजार मांडायला मालकालाही बंदी आणि सरकारलाही.

परवान्याची सरकारदरबारी किंमत किती, तेही पहा. मार्ग सरकारने घेतला आणि परवाना मुदतीआधी रद्द झाला, तर उरलेल्या दर महिन्याला दोनशे रुपये भरपाई, आणि कमीत कमी चारशे. हा आकडा १९५६ सालचा. १९८८ ला नवा कायदा आला, त्यात पुन्हा तोच आकडा! बत्तीस वर्षांत माझा पगार कितीतरी पटींनी वाढला, डाळ-तांदूळ कुठल्या कुठे गेले, पण परवान्याची भरपाई जागची हलली नाही. एवढ्या भरपाईत कुणी मुकाट्याने घरी बसेल का? मग कोर्टकचेरी होणारच.

आता जरा जवळचं सांगतो. माझा एक जुना विद्यार्थी आमच्याच तालुक्यात दोन गाड्या चालवायचा. लग्नसराईत वऱ्हाडं, एरवी पुण्याच्या फेऱ्या. कंत्राटी परवान्यावर वाटेत माणसं घ्यायचा, हे तो नाकारत नव्हता. एकदा त्याला नोटीस आली. त्यात तारीख नव्हती, ठिकाण नव्हतं. तो माझ्याकडे उत्तर लिहून घ्यायला आला. "गुरुजी, मी काय उत्तर देऊ? मी नेमकं कुठे पकडलो गेलो तेच यात लिहिलं नाही." मी म्हटलं, तेच लिही. पण त्याने तसं केलं नाही. ८६ व्या कलमातच अशी सोय आहे की काही प्रकारच्या भंगासाठी परवाना रद्द करण्याऐवजी ठरलेली रक्कम भरून घेता येते. त्याने रक्कम भरली, पावती घेतली, आणि आठव्या दिवशी गाडी पुन्हा त्याच नाक्यावर. मला म्हणाला, "गुरुजी, भाड्यात वसूल होऊन जाईल." यात कायद्याविरुद्ध काही झालं नाही, आणि तरी कायद्याचा हेतू पार बाजूला राहिला. ज्या भंगाने प्रवाशाच्या जिवाला धोका होतो तिथे ही पैसे भरून सुटायची वाट असूच नये, असं माझं स्पष्ट मत आहे. कागदाची चूक, उशिरा भरलेला कर यांना ठीक. पण आपत्कालीन दार सामानाने बंद केलेलं, क्षमतेपेक्षा जास्त माणसं कोंबलेली, याला पावती कसली?

या सगळ्यात महाराष्ट्राची एक वेगळी अडचण आहे. आपल्याकडे टप्पा वाहतूक जवळजवळ सगळी एसटीची. त्यामागचा विचार चांगला होता आणि मी तरी त्याच्या बाजूचा आहे. फायद्याच्या मार्गावर मिळवायचं आणि तोट्याच्या वाडीवस्तीला मुक्कामी गाडी द्यायची. खासगीवाला रात्री डोंगरातल्या वस्तीवर मुक्कामाला कशाला जाईल? किती पिढ्या एसटीच्या पासावर शिकल्या, त्या मी वर्गात पाहिल्या आहेत. पण गाड्या कमी पडल्या, फेऱ्या बंद झाल्या, की पोकळी कुणीतरी भरतोच. पश्चिम महाराष्ट्रात वडाप, कुठे काळी-पिवळी, कुठे टमटम. परवाना असो की नसो, शाळेच्या वेळेला ती असते हे महत्त्वाचं. मग एखादा अपघात होतो, आठ दिवस धडक मोहीम चालते, आणि त्या आठ दिवसांत शिक्षा कुणाला होते? दप्तर पाठीला लावून पाच मैल चालणाऱ्या पोरींना.

आणि नियम किती लवचिक असतो तेही आपण पाहिलं आहे. २०२१ च्या अखेरीस एसटीचा संप सुरू झाला, तो एप्रिल २०२२ पर्यंत चालला. नोव्हेंबरमध्ये सरकारने अधिसूचना काढून खासगी बस, शाळेच्या बस, अगदी मालवाहू गाड्यांनाही प्रवासी न्यायला मुभा दिली. काल जे वाहन एसटी स्टँडपासून दूर उभं राहायचं ते आज थेट स्टँडात आलं. मी त्या निर्णयाला नावं ठेवत नाही, लोकांची अडचण खरी होती. मुद्दा एवढाच, की परवाना हा शेवटी लोकांच्या गरजेसाठी आहे हे सरकारला माहीत आहे. मग रद्द करतानाच ती गरज कशी विसरली जाते?

परवान्याच्या भांडणात पक्ष दोनच असतात. एका बाजूला मालक, तो म्हणतो माझी रोजीरोटी. दुसऱ्या बाजूला सरकार, ते म्हणतं जनहित. दोघंही प्रवाशाच्या नावाने बोलतात आणि प्रवासी तिथे नसतो. "दोघांचं भांडण, तिसऱ्याचा लाभ" अशी म्हण आहे, इथे तिसऱ्याचे हाल. कायद्याला प्रवासी अगदीच अनोळखी आहे असंही नाही. सरकारने मार्ग ताब्यात घ्यायची योजना जाहीर केली तर १९८८ च्या कायद्याप्रमाणे कुणीही तीस दिवसांत हरकत घेऊ शकतो. तुम्ही, मी, कुणीही. पण एखाद्या बसचा परवाना रद्द करायचा की नाही या सुनावणीत ऐकायचं फक्त मालकाचं. ज्यांनी त्या बसमध्ये जीव मुठीत धरून प्रवास केला त्यांना कुणी विचारत नाही. ती बस बंद झाल्यावर ज्यांचा दवाखाना चुकणार आहे त्यांनाही नाही.

माझ्या अल्पमतीप्रमाणे काही गोष्टी अवघड नाहीत. परवाना रद्द करायची नोटीस मालकाला जाते, तशीच तिची प्रत मार्गावरच्या ग्रामपंचायतींच्या आणि बसस्थानकाच्या फलकावर लावावी, आणि प्रवाशाने लेखी काही कळवलं तर ते विचारात घ्यावं. नोटिशीत तारीख, वेळ, ठिकाण आणि मोडलेली अट हवीच. आमच्या काळी मुलाला शिक्षा करताना सुद्धा तू काय केलंस ते सांगून छडी मारायचे! आदेशात कारणं लिहावीत आणि तो लोकांना वाचता येईल असा मराठीत असावा. सुनावणी किती दिवसांत संपवायची ते ठरवून द्यावं, कारण रेंगाळणारी सुनावणी आणि न झालेली सुनावणी यांत प्रवाशाच्या दृष्टीने फरक नाही. ज्या गावाला दुसरी गाडी नाही, तिथे रद्द करण्याच्या आदेशाबरोबरच पर्यायाची सोय करावी. चार महिन्यांपर्यंतचा तात्पुरता परवाना देण्याची तरतूद कायद्यात आहे, ती अशा वेळी नाही वापरायची तर कधी?

आणि बसच्या दाराशी, चढताना दिसेल अशी, परवान्याची माहिती हवी. परवाना कुठल्या प्रकारचा, किती माणसांचा, कधीपर्यंतचा. दिल्लीत १९९२ मध्ये रेडलाइन नावाच्या खासगी बस आल्या. लोक चिरडून मरायला लागले तेव्हा नाव आणि रंग बदलून त्यांच्या ब्लूलाइन झाल्या. २००७ या एका वर्षात ब्लूलाइनखाली शंभराहून जास्त माणसं गेली, आणि त्या पूर्ण बंद व्हायला पुढे आणखी काही वर्षं लागली. रंग बदलता येतो म्हणूनच प्रवाशाला रंगापलीकडचं काहीतरी वाचता आलं पाहिजे.

असो. लिहिता लिहिता बरंच लांबलं. माझं म्हणणं थोडक्यात एवढंच आहे, की जीवघेण्या बसवाल्याचा परवाना गेलाच पाहिजे, पण असा गेला पाहिजे की मोठ्यात मोठ्या वकिलाला तो परत आणता येऊ नये. आदेश पक्का हवा, आणि ऐकून घेतल्याशिवाय तो पक्का होत नाही. त्यामुळे पुढच्या वेळी (ती वेळ न येवो) मोर्चा निघाला तर घोषणेत एक शब्द वाढवावा असं मला वाटतं. "परवाना नीट रद्द करा!" ऐकायला जरा मिळमिळीत वाटेल खरं. तुमच्यापैकी कुणी रोजचा प्रवास अशा गाड्यांतून करत असेल, किंवा कुणाच्या घरी गाड्यांचा धंदा असेल, तर तुमचा अनुभव जरूर कळवा. विशेषतः माझं म्हणणं पटलं नसेल तर आधी कळवा.